थकबाकीदार रेम्ब्रांट

डच चित्रकार रेम्ब्रांटची गोष्ट बहुतेकांनी ऐकलेली असते ती अशी: गिरणीवाल्याचा मुलगा, हातात जादू, तरुणपणीच नाव आणि पैसा. मग १६४२ मध्ये त्यानं 'नाइट वॉच' रंगवलं, ज्यांनी पैसे मोजले त्यांना ते पसंत पडलं नाही, कामं मिळेनाशी झाली, त्याच वर्षी बायको गेली, दिवाळं निघालं आणि एक महान कलावंत स्वतःचेच चेहरे रंगवत दारिद्र्यात मेला. ऐकायला छान आहे. फक्त मधला दुवा खोटा आहे. 'नाइट वॉच' कुणीही नाकारलं नव्हतं. कॅप्टन फ्रान्स बानिंग कॉकच्या नगररक्षक तुकडीतल्या लोकांनी माणशी सुमारे १०० गिल्डर (तेव्हाचं डच नाणं) दिले, चित्र त्यांच्या सभागृहात लागलं आणि सत्तरहून जास्त वर्षं तिथंच होतं. १७१५ मध्ये ते नगरभवनात नेताना भिंतीवर मावेना म्हणून चारही बाजूंनी कापलं, ते पाप दुसऱ्यांचं. रेम्ब्रांट बुडाला तो चित्रापायी नाही, घराच्या कर्जापायी.

घराचं कर्ज हा माझ्या ओळखीचा प्रांत. माझी सगळी नोकरी एका सहकारी बँकेत झाली आणि त्यातला मोठा भाग वसुली खात्यात. चित्रकलेचं शिक्षण शून्य, नाद मात्र जुना. रेम्ब्रांटवरची पुस्तकं वाचताना समीक्षक छायाप्रकाशाबद्दल बोलत असायचे आणि माझा डोळा मात्र नोटरी, जामीनदार, व्याज या शब्दांवर जाऊन थांबायचा. पुढं लक्षात आलं की या माणसाबद्दल आपल्याला जे काही ठाऊक आहे त्यातलं बरंचसं मुळी याच कागदांतून आलंय. त्यानं रोजनिशी लिहिली नाही. कलेवर चार ओळी लिहिल्या नाहीत. पत्रं उरली सात. सातही कॉन्स्टंटाइन हायगेन्स या राजपुत्राच्या सचिवाला लिहिलेली, आणि त्यांतला मुख्य मजकूर असा की चित्रं तयार आहेत, कृपा करून पैसे लवकर मिळावेत.

त्या पत्रांच्या तारखा बघण्यासारख्या आहेत. जानेवारी १६३९ मध्ये रेम्ब्रांटनं ॲमस्टरडॅमच्या सिंट आंतोनीस-ब्रेस्ट्रात या रस्त्यावर घर घेतलं. किंमत १३,००० गिल्डर. चांगला कारागीर तेव्हा वर्षाला ३०० गिल्डरच्या आसपास कमवत असे, म्हणजे हिशोब करा. अटी सैल होत्या. चौथा हिस्सा वर्षभरात द्यायचा, उरलेले पाच-सहा वर्षांत, वर व्याज. आणि याच जानेवारीत, तीन वर्षं रखडलेली राजपुत्र फ्रेडरिक हेंड्रिकची दोन चित्रं अचानक पूर्ण झाली! हायगेन्सला पत्र गेलं, सोबत एक भलंमोठं चित्र भेट म्हणून देऊ केलं, आणि ते भरपूर उजेडात आणि लांबून बघता येईल असं टांगा, अशी सूचनाही. शेवटच्या सूचनेतला चित्रकार खरा आहे. पण भेटवस्तूचं टायमिंग मला तरी कलेतलं वाटत नाही.

घर घेतलं तेव्हा तो ३२ वर्षांचा होता आणि ते त्याला झेपणारं होतं, हे मुद्दाम सांगायला हवं. श्रीमंतांची व्यक्तिचित्रं चालू होती, शिष्य वर्षाला १०० गिल्डर फी देऊन शिकत होते, सासरकडून आलेला पैसा होता. आमच्याकडे अर्ज आला असता तर मीही शिफारस केली असती. जो माणूस कर्ज फेडू शकत नाही त्याच्यापेक्षा जो फेडू शकतो पण फेडत नाही तो वसुलीवाल्याला जास्त छळतो, आणि रेम्ब्रांट या दुसऱ्या जातीचा होता. पैसा येत होता, पण घर विकणाऱ्याकडे न जाता दुसरीकडेच जात होता.

कुठं जात होता त्याचा एक पुरावा व्हिएन्नाच्या आल्बर्टिना संग्रहालयात आहे. घर घेतल्यावर काहीच महिन्यांत ॲमस्टरडॅममध्ये लुकास फान उफेलन या व्यापाऱ्याच्या संग्रहाचा लिलाव झाला. त्यात रॅफेलनं रंगवलेलं बाल्दासारे कास्तिलिओनेचं चित्र होतं, आज जे पॅरिसच्या लूव्रमध्ये आहे तेच. रेम्ब्रांट गर्दीत उभा राहून त्याचं घाईघाईनं रेखाटन करत होता. टोपीचा कड, दाढीचा काळा पुंजका, खांद्याची गोलाई, सगळं आठ-दहा फटकाऱ्यांत. आणि त्याच कागदावर बाजूला आकडे: हे चित्र ३,५०० गिल्डरना गेलं, सगळा लिलाव ५९,४५६ गिल्डरचा झाला. रेषा आणि रक्कम एकाच हातानं, एकाच शाईनं. पुढच्या वर्षी त्यानं जे स्वतःचं चित्र केलं, कठड्यावर कोपर टेकवून, मखमली टोपी घालून, आपल्याकडे जरा तिरकं बघणारं, त्याची बैठक सरळ त्या रॅफेलवरून उचललेली आहे. चित्र घेणं परवडलं नसावं. बैठक फुकट होती.

पण असे मोह त्याला प्रत्येक वेळी आवरत नसत. बाल्दिनुच्ची नावाच्या इटालियन लेखकानं रेम्ब्रांटच्या शिष्याकडून कळलेलं लिहून ठेवलंय की हा माणूस लिलावात पहिलीच बोली इतकी चढी लावायचा की दुसरा कुणी पुढं येतच नसे, आणि वर म्हणायचा की आपल्या पेशाची प्रतिष्ठा राहावी म्हणून मी असं करतो. लिलावाला बसलेल्या कुणालाही विचारा, अशा गिऱ्हाईकावर लिलावदार किती खूश असतो ते.

असं चौदा वर्षं चाललं. मधल्या काळातल्या घरच्या घडामोडी पुष्कळांनी पुष्कळ रंगवून लिहिल्या आहेत, मी थोडक्यात उरकते. बायको सास्किया १६४२ मध्ये गेली, वय अवघं २९, मागं नऊ महिन्यांचा मुलगा टीटस. आधीची तीन मुलं तान्हेपणीच गेलेली. तिनं मृत्युपत्रात आपला अर्धा हिस्सा मुलाच्या नावे केला आणि नवऱ्यानं पुन्हा लग्न केलं नाही तर त्याचा उपभोग त्यानं घ्यावा, अशी अट घातली. हा हिस्सा पुढं २०,३७५ गिल्डरचा धरला गेला. म्हणजे रेम्ब्रांटचा सगळ्यात मोठा सावकार घरातच वाढत होता आणि त्याला ते कळण्याचं वय नव्हतं.

टीटसला सांभाळायला आलेली गेअर्ट्ये डिर्क्स ही विधवा काही वर्षं रेम्ब्रांटबरोबर राहिली. मग त्याचं मन हेंड्रिक्ये स्टॉफल्स या तरुण बाईकडे वळलं. गेअर्ट्येनं लग्नाचं वचन मोडल्याचा दावा लावला आणि न्यायालयानं तिला वर्षाला २०० गिल्डर पोटगी ठरवून दिली. रेम्ब्रांटनं काय करावं? तिच्या भावाला हाताशी धरून, तिच्याविरुद्ध साक्षी गोळा करून तिला गौडा शहरातल्या स्त्रियांच्या सुधारगृहात डांबलं. ती पाच वर्षं आत होती, आणि सुटण्याची वेळ आली तेव्हाही त्यानं आडकाठी घातली. 'बाथशेबा'च्या चेहऱ्यावरचं दुःख इतक्या मायेनं रंगवणारा हाच माणूस, वगैरे वाक्यं इथं लिहायची पद्धत आहे. मला त्यात तथ्य वाटत नाही. चित्रातल्या बाईबद्दल माया वाटणं स्वस्त असतं. त्याला वर्षाला २०० गिल्डर पडत नाहीत.

१६५३ मध्ये घर विकणाऱ्या क्रिस्टॉफल थाइसचा धीर सुटला. व्याज आणि कर धरून येणं ८,४७० गिल्डरवर गेलं होतं. इंग्लंडशी युद्ध चालू, व्यापार थंड, पैशाची सगळीकडे ओढ. रेम्ब्रांटनं मग जे केलं ते मी इतक्यांदा पाहिलंय की वाचताना हसू आलं: याची टोपी त्याला. कॉर्नेलिस विट्सेन या वजनदार नगरशासकाकडून ४,१८०, इसाक फान हर्ट्सबेक या व्यापाऱ्याकडून ४,२००, आणि यान सिक्स या कवी मित्राकडून १,००० बिनव्याजी. सिक्सच्या कर्जाला लोडेवाइक फान लुडिक जामीन राहिला. एवढं करूनही घराचं देणं पूर्ण फिटलं नाही.

यातला विट्सेन लक्षात ठेवण्याजोगा आहे, आणि त्याचं कारण जरा वाकड्या वाटेनं आपल्यापर्यंत येतं. त्याचा मुलगा निकोलास विट्सेन, हाही पुढं ॲमस्टरडॅमचा महापौर झाला. त्याच्या संग्रहात गोवळकोंड्याला तयार झालेल्या हिंदुस्थानी राजेलोकांच्या लघुचित्रांचा एक आल्बम होता. तो आज राइक्सम्युझियममध्ये आहे आणि त्यात शिवाजी महाराजांचंही चित्र आहे. म्हणजे बापाचे पैसे रेम्ब्रांटकडे अडकलेले आणि मुलाकडे महाराजांचं चित्र! असे दुवे सापडले की उगीचच एक दिवस बरा जातो.

आता १६५६. मे महिन्यात रेम्ब्रांटनं घर टीटसच्या नावावर चढवलं. जुलैत उच्च न्यायालयाकडे अर्ज केला की माझी मालमत्ता मी देणेकऱ्यांच्या स्वाधीन करतो, मला तुरुंगात घालू नका. कारण दिलं: व्यापारात आलेली खोट आणि समुद्रावर झालेलं नुकसान. थकबाकीदार लिहितात त्या कारणांना एक ठरलेली चाल असते, आणि ती ३५० वर्षांपूर्वीही तीच होती हे वाचून जिवाला गार वाटलं. समुद्रावर काय नुकसान झालं असेल ते असेल. आणि दिवाळखोरीच्या दोन महिने आधी अल्पवयीन मुलाच्या नावे घर करणं, याला आमच्याकडे काय म्हणतात ते इथं लिहीत नाही. कायदेशीर सल्ला मात्र त्याला उत्तम मिळाला होता.

२५ आणि २६ जुलै १६५६ रोजी दिवाळखोरी कचेरीचा कारकून घरात आला आणि त्यानं यादी केली. एकूण ३६३ नोंदी. ही यादी जपून राहिली आहे. ते घर आज संग्रहालय आहे आणि याच यादीवरून खोल्या पुन्हा सजवल्या आहेत. भाचीकडे गेले होते तेव्हा तिथं जाऊन आले. खाटेचं कपाट, बारीक जिने, वर उत्तरेच्या उजेडाची मोठी काम करायची खोली. तिथं एक मुलगी दगडावर रंग घोटून दाखवत होती आणि शाळेची पोरं तिच्याभोवती कोंडाळं करून उभी होती. मला वस्तूंपेक्षा यादीच जास्त बोलकी वाटली, कारण वस्तू बहुतेक नंतर आणून मांडलेल्या आणि यादी अस्सल.

जप्तीची यादी करायची एक शिस्त असते. दारातून आत शिरायचं आणि उजव्या हातानं खोली फिरत जायचं. जे दिसतं तेवढंच लिहायचं, स्वतःचं मत घालायचं नाही. 'लोखंडी कपाट, वापरते, एक.' 'टीव्ही संच, चालू किंवा बंद माहीत नाही.' ॲमस्टरडॅमचा कारकूनही असाच चालला आहे. पुढची ओसरी, बाजूची खोली, मागची खोली, संग्रहाची खोली, वरच्या दोन कामाच्या खोल्या, स्वयंपाकघर. ब्राउवरची चित्रं, लीव्हन्सची चित्रं, हर्क्युलिस सेगर्सची निसर्गचित्रं, बरीचशी खुद्द रेम्ब्रांटची. रॅफेलचं म्हणून एक मुखचित्र. मायकेलअँजेलोचं म्हणून एक बालक. रोमन सम्राटांचे अर्धपुतळे रांगेनं: ऑगस्टस, टायबेरियस, नीरो. होमर, सॉक्रेटिस, ॲरिस्टॉटल. शिरस्त्राणं, भाले, त्यांत एक जपानी शिरस्त्राण. ईस्ट इंडीजमधली एक टोपली. शंख, पोवळी, शिंगं. मुद्राचित्रांचे, म्हणजे कोरून छापलेल्या चित्रांचे, आणि रेखाटनांचे गठ्ठेच्या गठ्ठे. पुस्तकं मात्र फारशी नाहीत. एक जुनं बायबल, एक सचित्र जोसीफस, आणि पंधरा पुस्तकं वेगवेगळ्या आकारांची, नावं लिहायचीही कुणाला गरज वाटली नाही.

एवढ्या कोरड्या यादीत अधूनमधून विशेषणं येतात. आंद्रेआ मान्तेन्या या इटालियन चित्रकाराच्या मुद्राचित्रांच्या आल्बमपुढं कारकुनानं लिहिलंय, 'मौल्यवान'. अशा यादीत विशेषण दिसलं की समजावं, मालक शेजारी उभा आहे. कारकुनाला मान्तेन्या कोण हे ठाऊक असण्याचं कारण नाही. 'अहो, ते जरा जपून, ते फार मोलाचं आहे,' असं कुणीतरी म्हणालं आणि त्यानं ते उतरवून घेतलं. मी अशा घरांतून गेले आहे. माणसं टीव्हीबद्दल काही बोलत नाहीत, गाडीबद्दलही नाही. आणि मग एखाद्या भलत्याच वस्तूपाशी, बाजाच्या पेटीपाशी किंवा शिवणयंत्रापाशी, एकदम पुढं येतात.

यादीची शेवटची पानं तर मला तोंडपाठ आहेत. धोब्याकडे दिलेले कपडे, असं म्हणून: तीन सदरे, सहा हातरुमाल, बारा नॅपकिन, तीन टेबलावरच्या चादरी, काही कॉलर आणि मनगटपट्ट्या. समोर नसलेले कपडेही सोडले नाहीत. यादी पक्की करणाऱ्या त्या अनाम माणसाबद्दल मला खरोखर आदर आहे.

याच यादीत, संग्रहाच्या खोलीतल्या गठ्ठ्यांमध्ये, एक नोंद आहे: नवलाईच्या सूक्ष्म चित्रांनी भरलेला एक आल्बम, सोबत निरनिराळ्या देशांच्या पोशाखांची मुद्राचित्रं. ही सूक्ष्म चित्रं म्हणजे मुघल लघुचित्रं असावीत, असं बऱ्याच अभ्यासकांना वाटतं. कारण रेम्ब्रांटनं मुघल चित्रांवरून केलेली वीसहून अधिक रेखाटनं आज जगभर विखुरलेली आहेत आणि ती साधारण याच काळातली आहेत, १६५६ ते १६६१ च्या दरम्यानची. डच ईस्ट इंडिया कंपनीच्या वखारी तेव्हा सुरतेत, आग्र्यात होत्या. आपल्या वेंगुर्ल्याची वखारही १६३७ सालचीच. त्या गलबतांतून मिरी, कापड आणि निळीबरोबर अशी चित्रंही जात. यांतल्या काही मूळ चित्रांत ज्याची छबी होती तो शाहजहान आग्र्याच्या किल्ल्यात मुलाच्या कैदेत आणि ॲमस्टरडॅममध्ये दिवाळं निघालेला एक चित्रकार त्याच्या जामाच्या चुण्या काढत बसलेला. एकाच दशकातल्या या दोन गोष्टी.

ही रेखाटनं बघायला लागलं की रेम्ब्रांटचा नेहमीचा हात ओळखू येत नाही. एरवी त्याची लेखणी फेकल्यासारखी चालते. तीन फटकारे, एक शाईचा डाग, झाली म्हातारी. इथं मात्र बारीक निबानं, आशियातून आलेल्या पिवळट गुळगुळीत कागदावर, तो विद्यार्थ्यासारखा वागतो. पगडीचा पेच कसा फिरतो, पटक्याचं टोक कुठं लोंबतं, मोजडीची टाच कशी दुमडलेली असते. पुढं मात्र राहवत नाही. मुघल चित्रातला माणूस सपाट पार्श्वभूमीवर तरंगत असतो. रेम्ब्रांट त्याच्या पायाखाली हळूच सावली टाकतो. झालं, बादशहा जमिनीवर आला. झाडाखाली बसलेल्या चार वृद्धांचं एक लघुचित्र होतं, त्यावरचं त्याचं रेखाटन ब्रिटिश म्युझियममध्ये आहे. १६५६ मध्येच त्यानं अब्राहमकडे आलेल्या देवदूतांचं जे मुद्राचित्र केलं, त्यात पाहुणे खुर्च्या-टेबलं सोडून जमिनीवर मांडी ठोकून बसले आहेत, आणि मधला पांढऱ्या दाढीचा देव थेट त्या झाडाखालून उठून आलेला. ते मूळ लघुचित्र आज व्हिएन्नाच्या शॉनब्रुन राजवाड्यात भिंतीच्या नक्षीत चिकटवलेलं आहे. मारिया तेरेसाच्या हौसेसाठी मुघल चित्रं कापूनकापून तिथं लावली. 'नाइट वॉच' कापणारे निदान जागेची अडचण तरी सांगू शकत होते.

मूळ आल्बम हातचा जाणार म्हणून त्यानं नकला करून ठेवल्या असाव्यात, असा तर्क काही जण करतात. मला तो पटतो. माझ्या दृष्टीनं पूर्ण यादीचा उलगडा इथं होतो. एवढा पसारा त्यानं मिरवायला जमवला असता तर विकताना त्याला फक्त किंमत आठवली असती. तो वापरत होता. १६५३ मध्ये सिसिलीच्या आंतोनियो रुफो या उमरावासाठी त्यानं ॲरिस्टॉटल रंगवला, होमरच्या पुतळ्यावर हात ठेवलेला. होमर आणि ॲरिस्टॉटल दोघेही घरातच होते. भाले-शिरस्त्राणं चित्रांत उतरलेली आहेत. आणि १६५० मध्ये त्यानं एका शंखाचं मुद्राचित्र केलं, त्याच्या तीनशेच्या आसपास मुद्राचित्रांत निव्वळ निर्जीव वस्तूचं हे एकच.

हा शंख संगमरवरी शंकू जातीचा, पूर्वेकडच्या समुद्रातला, डचांच्या गलबतातून आलेला. काळ्या जाळीवर पांढरे त्रिकोणी ठिपके. पत्रा हाताच्या पंजाएवढाच असेल. पाठीवरचा काळोख त्यानं आडव्या-उभ्या रेघांनी इतका दाट केलाय की शंख त्यातून पुढं ढकलल्यासारखा येतो, आणि टोकाकडची चक्राकार वळणं सुईनं एकेक फिरवत नेली आहेत, आतल्या वळणापर्यंत न कंटाळता. गंमत अशी की तांब्याच्या पत्र्यावर जे कोरतो ते छापताना उलटं येतं. सही त्यानं काळजीपूर्वक उलटी कोरली, म्हणून छापात ती सुलटी वाचता येते. शंख मात्र समोर दिसला तसाच कोरला, म्हणून छापात तो उलट्या दिशेनं वळलेला आहे. निसर्गात असा शंख सापडणं जवळपास अशक्य. शंख जमवणारे त्याला आजही यावरून चिडवत असतील. माझ्या मते त्याला ते कळलेलं असणारच, आणि फिकीर नसणार.

मग लिलाव झाले. काल्वरस्ट्रात या रस्त्यावरच्या 'कायजर्सक्रोन' खानावळीत १६५७-५८ मध्ये संग्रह विकला गेला. त्याची छापील जाहिरात उरली आहे, आणि हा माल रेम्ब्रांटनं मोठ्या जिज्ञासेनं गोळा केलेला आहे असं तीत म्हटलंय. बाजार पडलेला, भाव कमी आला. घर ११,२१८ गिल्डरना गेलं. विट्सेनचे पैसे त्याला मिळाले. वजनदार सावकाराचे पैसे आधी सुटतात, हेही जुनंच. जामीनदार फान लुडिकच्या गळ्याशी आलं, कारण सिक्सनं आपला कर्जरोखा दुसऱ्याला विकून हात झटकले होते आणि नव्या धन्यानं थेट जामिनालाच धरलं. आणि हर्ट्सबेक? त्याला ४,२०० मिळाले खरे. पण टीटसच्या पालकानं दावा लावला की आईच्या वारशामुळं मुलाचा हक्क आधीचा, आणि वर्षानुवर्षं कोर्टकचेऱ्या होऊन हर्ट्सबेकला हातात आलेली रक्कम परत करावी लागली. १६६५ मध्ये टीटसला ६,९५२ गिल्डर मिळाले. रेम्ब्रांटच्या शोकांतिकेवर अश्रू ढाळणाऱ्या ग्रंथांत या हर्ट्सबेकसाठी दोन ओळीही नसतात. त्यानं काय वाईट केलं होतं? चित्रकाराला पैसे दिले होते.

ज्या वर्षी घर विकलं त्याच वर्षी, १६५८ मध्ये, रेम्ब्रांटनं स्वतःचं एक मोठं चित्र केलं. ते न्यूयॉर्कच्या फ्रिक संग्रहात आहे. मी ते फक्त पडद्यावर मोठं करकरून पाहिलंय. त्यात तो सोनेरी-पिवळा झगा घालून, कमरेला लाल पट्टा बांधून, अंगावर जड वस्त्र ओढून सिंहासनावर बसावं तसा समोर बसला आहे. डाव्या हातात चांदीच्या मुठीची काठी. हात अवाढव्य आहेत, आणि रंगाचे फटकारे इतके सैल की जवळून पाहिलं तर बोटं नाहीतच, नुसता रंग थापलेला. चेहरा थकलेला आहे पण नजर खाली नाही. टेबलापलीकडे बसलेल्या थकबाकीदाराची नजर मी ओळखते. ती एक तर जमिनीवर असते, नाहीतर भिंतीवरच्या दिनदर्शिकेवर. हा सरळ बघतो. निर्लज्ज म्हणा, राजा म्हणा. मला दोन्ही एकदम दिसतं आणि त्यातलं एक वजा करता येत नाही.

आमच्या बाजूची माणसंही त्यानं रंगवली आहेत, १६६२ मध्ये. कापडवाल्यांच्या संघाचे, कापडाचा दर्जा तपासणारे पाच अधिकारी आणि त्यांचा एक सेवक. लाल गालिचा घातलेलं टेबल, उघडी वही, आणि कुणीतरी आत आल्यावर सगळ्यांनी एकदम मान वर केलेली. एक जण उठू की बसू अशा बेतात अर्धवट थबकलाय. क्ष-किरणांत दिसतं की रेम्ब्रांटनं माणसांच्या जागा पुन्हापुन्हा बदलून पाहिल्या होत्या. ही माणसं दुष्ट नाहीत. त्यांना फक्त काम आटोपायचं आहे आणि आत आलेल्यानं मधे खोळंबा केलाय. कचेरीतल्या चेहऱ्याबद्दल इतकं अचूक दुसरं चित्र मी पाहिलेलं नाही. अशा टेबलांसमोर तो स्वतः किती वेळा उभा राहिला असेल!

तोवर तो रोझनग्राख्तवर भाड्याच्या घरात राहायला गेला होता आणि कागदोपत्री त्याच्या मालकीचं काही उरलं नव्हतं. डिसेंबर १६६० मध्ये हेंड्रिक्ये आणि टीटस यांनी चित्रविक्रीची भागीदारी केली. रेम्ब्रांट तिचा मालक नाही, भागीदारही नाही, फक्त राहायला-जेवायला मिळणारा कामगार. तो जे रंगवील ते भागीदारीचं. म्हणजे जुन्या देणेकऱ्यांना हात लावायला काही शिल्लकच नाही. इतका चिरेबंदी करार मी नोकरीत क्वचित पाहिला. १६६२ मध्ये त्यानं सास्कियाच्या थडग्याची जागाही विकली. पुढच्या वर्षी हेंड्रिक्ये गेली. १६६८ मध्ये टीटस गेला, लग्नाला वर्षही झालं नव्हतं.

४ ऑक्टोबर १६६९ ला रेम्ब्रांट मेला. वेस्टरकर्क चर्चमध्ये भाड्याच्या कबरीत पुरला, ती जागा आज कुणाला दाखवता येत नाही. दुसऱ्याच दिवशी नोटरी घरी आला आणि पुन्हा यादी सुरू झाली. घरगुती सामान नोंदवून झाल्यावर त्यानं लिहिलं की उरलेल्या वस्तू, म्हणजे चित्रं, रेखाटनं, दुर्मीळ चीजा आणि पुराणवस्तू, तीन वेगळ्या खोल्यांत ठेवून मोहोरबंद केल्या आहेत.

तीन खोल्या! डोक्यावर न फिटलेलं कर्ज, नावावर दमडी नाही, कायद्यानं मुलाचा कामगार, आणि साठी ओलांडेपर्यंत गड्यानं पुन्हा तीन खोल्या भरल्या होत्या. त्याला आमच्या बँकेनं दुसऱ्यांदा कर्ज दिलं नसतं. मी तर नक्कीच सही केली नसती.